वाऱ्यावर चालणारीं आकाशांतील जहाजें

हल्लींच्या मुलांच्या अद्भुत गोष्टींत आणि चित्रपटांत एक जहाज पुष्कळ वेळां दृष्टीस पडतें. खालीं पाणी नाहीं, ढग आहेत. डोलकाठीवरील शिडें वाऱ्यानें फुगलेलीं आहेत. सुकाणूंपाशीं कप्तान उभा आहे, आणि जहाज डोंगरमाथ्यांवरून डौलानें चाललें आहे. अशा जहाजांचा एक वर्गच त्या काल्पनिक सृष्टींत ठरून गेलेला आहे. त्यांना यंत्र नसतें, पंख नसतात. वारा हेंच त्यांचें सर्व बळ. मुलांस हें चित्र आवडतें, आणि आम्हां वडीलधाऱ्यांसही तें आवडतें, हें कबूल करावयास हरकत नाहीं. आपल्या रामायणांतील पुष्पक विमान याहून निराळें. तें स्वामीच्या इच्छेप्रमाणें चालत असे. त्यामुळें आदिकवीला शीड आणि सुकाणूं यांची विवंचना करावी लागली नाहीं. युरोपांतील कल्पकांनीं मात्र समुद्रावरचें जहाज जसेंच्या तसें उचलून आकाशांत नेलें, आणि त्यामुळें एक खराखुरा प्रश्न उत्पन्न झाला. शिडाचें जहाज आकाशांत वाऱ्यावर चालेल काय? या प्रश्नाचा इतिहास मोठा मनोरंजक आहे, आणि त्यांत माणसांचे प्राणही गुंतलेले आहेत.

अगदीं जुना दाखला ग्रीक भाषेंत लिहिणाऱ्या ल्यूशियनचा. हा गृहस्थ इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांतला. थापाड्या प्रवाशांची थट्टा करण्यासाठीं त्यानें एक प्रवासवर्णन लिहिलें, आणि यांतील एक अक्षरही खरें नाहीं असें आरंभींच सांगून टाकलें. त्यांत वावटळ एक जहाज उचलते, सात दिवस व सात रात्री तें हवेंतून चालतें आणि आठव्या दिवशीं चंद्राच्या भूमीला लागतें. ल्यूशियन हंसत होता व त्याचे वाचकही हंसत होते. पण हीच कल्पना जेव्हां न हंसणाऱ्या माणसांच्या हातीं पडते, तेव्हां काय होतें तें आतां पाहूं.

फ्रान्समधील लिओं शहरीं नवव्या शतकांत आगोबार्ड नांवाचा एक मुख्य धर्माधिकारी होऊन गेला. शार्लमेन बादशहाचा मृत्यु इ. स. ८१४ मध्यें झाला. त्याच्या लगतच्या काळांत आगोबार्डनें गारा आणि मेघगर्जना यांविषयींच्या लोकभ्रमांवर एक लहानसा निबंध लिहिला. त्या प्रांतांतील थोर-लहान, शहरवासी-खेडवळ अशा जवळजवळ सर्वांची समजूत अशी होती कीं, मॅगोनिया नांवाचा एक देश आहे आणि तेथून ढगांतून जहाजें येतात. गारांनीं व वादळानें झोडपून पडलेलें धान्य आणि फळें हीं जहाजें भरून नेतात. गांवोगांवचे कांहीं मांत्रिक वादळें उठवितात, आणि ढगांतले खलाशी त्यांना मोबदला देऊन पीक उचलतात, असा हा व्यापार! आमच्याकडील शेतकऱ्याला गारपीट म्हणजे काय हें सांगावें लागत नाहीं. वर्षाचे श्रम अर्ध्या घटकेंत मातीस मिळाले म्हणजे कोणीतरी चोर शोधण्याकडे मन धांवतें. लिओंच्या शेतकऱ्यानें तो चोर ढगांत शोधला, इतकेंच.

एवढ्यावर भागलें असतें तर तो भ्रम म्हणून सोडून देतां आला असता. परंतु आगोबार्ड सांगतो कीं, एके दिवशीं भरलेल्या सभेंत लोकांनीं चार माणसें बांधून आणलीं. तीन पुरुष आणि एक स्त्री. हीं त्या जहाजांतून खालीं पडलेलीं आहेत, असें लोकांचें म्हणणें. कांहीं दिवस त्यांना बेड्यांत ठेवलें होतें, आणि आतां दगडांनीं ठेंचून मारण्यासाठीं त्यांना पुढें केलें होतें. आगोबार्डला पुष्कळ वादविवाद करावा लागला. पण अखेर सत्याचा जय झाला आणि त्यांना आणणारे लोक निरुत्तर झाले, असें तो लिहितो. तीं माणसें कोण, कोठलीं, हें त्यानें लिहून ठेवलें नाहीं. परगांवचीं, अनोळखी आणि ज्यांच्या वतीनें बोलावयास कोणी नाहीं, अशीं तीं असावींत, असा माझा तर्क आहे. अशा वेळीं तसलींच माणसें सांपडतात.

आगोबार्डची विचार करण्याची रीत पाहण्यासारखी आहे. त्याचा मुख्य आधार बायबलच होता. वादळ आणि गारा ईश्वराच्या हातच्या आहेत, मांत्रिकाच्या नव्हेत, हें तो वचनावर वचन देऊन दाखवितो. परंतु त्याबरोबर तो साधे व्यावहारिक प्रश्नही विचारतो. मांत्रिकांच्या अंगीं एवढें सामर्थ्य आहे, तर अवर्षणाच्या वेळीं त्यांच्याकडून पाऊस कां पाडून घेत नाहीं? एक मनुष्य असे प्रकार स्वतः पाहिले असल्याची बढाई मारतो असें ऐकून, आगोबार्डनें त्याला गांठलें व खोदून खोदून विचारलें. शेवटीं त्यानें कबूल केलें कीं, गोष्ट खरी आहे, पण आपण स्वतः त्या जागीं नव्हतों! वर्गांतला मुलगा “सर्वांनीं पाहिलें” असें म्हणतो, तेव्हां “तूं पाहिलेंस काय?” असें विचारावें लागतें, तशांतलाच हा प्रकार. आणखी एक गोष्ट त्याच्या ध्यानांत आली होती. वादळापासून आमचें रक्षण करतों असें म्हणणाऱ्यांना लोक पिकांतला ठराविक हिस्सा बिनबोभाट देत. देवळाचा दशमांश आणि गरिबांची भिक्षा मात्र मागितल्यावांचून निघत नसे.

त्याच निबंधांत त्यानें थोड्याच वर्षांपूर्वींची याहून भयंकर हकीकत दिली आहे. गुरांचा रोग पसरला होता. बेनेव्हेंटोचा ड्यूक ग्रिमोआल्ड यानें माणसें पाठवून शेतांत, कुरणांत आणि झऱ्यांत विषारी भुकटी टाकविली, अशी आवई उठली. पुष्कळ लोक पकडले गेले, कित्येकांचे प्राण घेतले, कित्येकांना फळ्यांना बांधून नदींत लोटून दिलें. आगोबार्ड विचारतो, एवढ्या विस्तीर्ण मुलुखावर भुकटी पसरावयाची, तर बेनेव्हेंटोच्या साऱ्या स्त्रीपुरुषांनीं प्रत्येकीं तीन तीन गाड्या भरून आणल्या तरी ती पुरली असती काय? आणि त्याला सर्वांत नवल वाटलें तें याचें कीं, पकडलेलीं माणसें स्वतःच “होय, आम्हीं भुकटी टाकली” असें म्हणत. येथें हेंही सांगितलें पाहिजे कीं, याच आगोबार्डनें ज्यू लोकांविरुद्ध अत्यंत द्वेषाचें लिखाण केलेलें आहे. एका बाबतींत डोळे उघडे असणारा मनुष्य दुसऱ्या बाबतींत आंधळा असूं शकतो. परंतु त्या दिवशीं त्या चौघांपुरतें तरी त्याचें शहाणपण उपयोगी पडलें.

आकाशांतील जहाजांच्या गोष्टी पश्चिमेकडे आयर्लंडांतही होत्या. तेथील जुन्या बखरींत इ. स. ७४९ च्या सुमाराच्या नोंदींत, आकाशांत जहाजें खलाशांसह दिसल्याचें लिहिलें आहे. पुढें हिची एक सुंदर कथा झाली. तेराव्या शतकांत नॉर्वेमध्यें “राजाचा आरसा” या अर्थाच्या नांवाचा एक ग्रंथ तयार झाला; त्यांत ती आढळते. क्लॉनमॅकनॉइज येथें लोक रविवारीं देवळांत जमले असतां वरून दोरीला बांधलेला एक नांगर आला आणि देवळाच्या दाराच्या कमानींत अडकला. वर पाहतात तों जहाज! त्यांतून एक मनुष्य उडी टाकून, पाण्यांत पोहावें तसे हातपाय हालवीत खालीं आला व नांगर सोडवूं लागला. लोकांनीं त्याला धरलें. परंतु तेथील बिशपनें सोडावयास सांगितलें. पाण्याखालीं धरून ठेवलेल्या माणसासारखा तो मरेल, असें तो म्हणाला. सुटतांच तो मनुष्य वर गेला; खलाशांनीं दोर कापला आणि जहाज निघून गेलें. जर्व्हेस नांवाच्या इंग्रज लेखकानें याच सुमारास इंग्लंडांतली म्हणून अशीच गोष्ट दिली आहे. तींत मात्र तो खलाशी आपल्या दाट हवेंत गुदमरून मरतो.

गोष्ट खोटी, पण तिच्यांतली कल्पना लहान नव्हे. आपण जमिनीवर राहतों म्हणजे एका समुद्राच्या तळाशीं राहतों, आणि वर त्याचा पृष्ठभाग आहे, असें ती सांगते. हवेला वजन असतें आणि आपण हवेच्या समुद्राच्या तळाशीं आहोंत, हें शास्त्रीय भाषेंत इटलीच्या टॉरिचेलीनें १६४४ मध्यें मांडलें. त्याच शतकाच्या मध्याला जर्मनींतील मॅग्डेबर्गच्या ऑटो फॉन गेरिक यानें भांड्यांतली हवा उपसून काढणारा पंप तयार केला. आतां प्रश्नाला नवें वळण मिळालें. पाण्यावर लांकूड तरंगतें, कारण तें पाण्याहून हलकें. मग हवेहून हलकी अशी वस्तु हवेंत कां तरंगूं नये?

हा विचार कागदावर पूर्ण उतरविणारा मनुष्य म्हणजे ब्रेशियाचा जेझुइट पाद्री फ्रान्सेस्को लाना दे तेर्झी. १६७० मध्यें छापलेल्या त्याच्या ग्रंथांत एका उडत्या जहाजाची योजना आहे. एक होडी, तिला तांब्याच्या अतिशय पातळ पत्र्याचे चार मोठे पोकळ गोळे बांधलेले, गोळ्यांतली सर्व हवा काढून टाकलेली, आणि मध्यें डोलकाठीवर शीड. गणिताच्या रीतीनें पाहिलें तर तरंगण्याचा हिशेब त्यानें बरोबर केला होता. अडचण निराळीच होती. बाहेरची हवा प्रत्येक चौरस मीटरवर सुमारें दहा हजार किलोग्रॅमचा दाब देते. गोल आकारामुळें पत्रा टिकेल असें लानाला वाटलें. परंतु तरंगण्याइतका पातळ पत्रा हा दाब सोसूं शकत नाहीं, आणि सोसण्याइतका जाड केला तर गोळा तरंगत नाहीं.

लानाच्या ग्रंथांतला खरा थरकांप उडविणारा भाग यापुढचा आहे. आपल्या योजनेवरच्या साऱ्या शंकांचें निरसन केल्यावर तो म्हणतो कीं, एक शंका मात्र आपल्याला दूर करतां येत नाहीं; ती ही कीं, ईश्वर असें यंत्र सिद्धीस जाऊंच देणार नाहीं. कारण मग कोणतेंही शहर सुरक्षित राहणार नाहीं. जहाज वाटेल तेव्हां चौकांत उतरेल, वरून लोखंड, अग्नि आणि दारूगोळे टाकून घरें, किल्ले, गलबतें यांचा नाश करील. हें १६७० सालीं लिहिलें आहे, हें पुन्हां एकवार लक्षांत आणावें.

दारूगोळ्यांचें भाकित अचूक वर्तविणाऱ्या या विद्वानाची दृष्टि शिडाच्या बाबतींत मात्र चुकली, आणि ती चूक त्याच्या एकट्याची नव्हती. समुद्रावरचें जहाज वाऱ्यानें चालतें असें आपण म्हणतों. हें अर्धेंच खरें आहे. जहाजाचें वरचें अंग वाऱ्यांत असतें आणि खालचें पाण्यांत. वारा ढकलतो आणि पाणी अडवितें. या दोहोंच्या ओढाताणींतून जहाजाला आपली वाट काढतां येते. कोंकणांतला तांडेल समोरून वारा असतांही गलबत एकदां या अंगास, एकदां त्या अंगास तिरकें काढीत बंदर गांठतो, तो पाण्याच्या आधारावर. पाणी काढून घ्या, आणि ती सर्व विद्या व्यर्थ होते. हवेंत तरंगणारी वस्तु सर्वांगानें वाऱ्यांतच बुडालेली असते. पुराबरोबर वाहत जाणाऱ्या ओंडक्यावरील मुंगीला पाण्याचा वेग जाणवत नाहीं, तसा तिला वाराही लागत नाहीं. वादळांत सांपडलेल्या बलूनमधील प्रवाशांना भोंवतीं शांतता भासते. तेथें शीड उभारलें तर तें फुगत नाहीं. धुतलेल्या धोतरासारखें लोंबकळत राहतें.

हें कळावयाला पुष्कळ काळ लागला. लिस्बन येथें १७०९ मध्यें बार्तोलोमेउ दे गुझमाँव या पाद्र्यानें, जो मूळचा ब्राझीलचा, राजा पांचवा जॉन याच्याकडे हवेंतून जाणाऱ्या यंत्राबद्दल अर्ज केला. त्याच वर्षींच्या ऑगस्टांत त्यानें कागदाचा एक लहानसा फुगा विस्तवाच्या उष्णतेनें दरबारासमोर छतापर्यंत चढवून दाखविला. लोकांत मात्र प्रसिद्धि झाली ती पक्ष्याच्या आकाराच्या होडीच्या एका चित्राची. तिच्यावर छतासारखें शीड ताणलेलें! तो खरा लहान फुगा विसरला गेला आणि तें खोटें चित्र युरोपभर फिरलें. गुझमाँवला पुढें धर्मन्यायालयाच्या भयानें देश सोडावा लागला. १७२४ मध्यें तो स्पेनमधील टोलेडो येथें वारला.

१७८३ मध्यें फ्रान्समध्यें माँगोल्फिए बंधूंचें बलून चढलें, आणि त्याच वर्षीं २१ नोव्हेंबरला दोन माणसें पॅरिसवरून उडत गेलीं. मग तर शिडें, वल्हीं, सुकाणूं यांची गर्दी उसळली. ब्लांशार्डनें आपल्या बलूनला वल्हीं आणि सुकाणूं लावलें. ७ जानेवारी १७८५ रोजीं तो व डॉक्टर जेफ्रीज इंग्लिश खाडी ओलांडीत असतां बलून खालीं खालीं येऊं लागलें, तेव्हां फेंकून दिलेल्या सामानांत तीं वल्हींही होतीं. मागाहून अंगावरचे कपडेही गेले. १८०४ मध्यें रॉबर्टसन या बलूनवाल्यानें व्हिएन्नाहून “मिनर्व्हा” नांवाच्या एका प्रचंड आकाशनौकेचें वर्णन छापलें; साठ विद्वानांना घेऊन ती जगाची सफर करणार होती. अर्थात् ती कागदावरच राहिली.

आणि तरीसुद्धां, श्रोतेहो, आकाशांत शीड चालविण्याची एक युक्ति आहे, आणि ती एका मनुष्यानें खरोखर करून पाहिली. स्वीडनचा इंजिनियर सालोमन ऑगस्ट आंद्रे हा तो मनुष्य. स्टॉकहोमच्या पेटंट कचेरींत तो अधिकारी होता. वर सांगितलेला नियम त्याला ठाऊक होता, म्हणूनच त्यानें विचार केला कीं, बलूनला पाण्याची उणीव भासते, तर आपण ती दुसऱ्या कशानें तरी भरून काढूं. बलूनखालीं लांब जड दोर सोडावयाचे, असे कीं त्यांचीं टोंकें जमिनीवर किंवा बर्फावर घासत जातील. घासण्यामुळें बलूनचा वेग वाऱ्याहून कमी होईल. मग वारा मागून येऊन लागेल. मग शीड फुगेल. आणि दोर या किंवा त्या बाजूला बांधून शीड तिरपें केलें म्हणजे वाऱ्याची वाट सोडून थोडें बाजूलाही जातां येईल. म्हणजे दोर हेंच त्या जहाजाचें पाणी! १८९३ पासून “स्वेआ” नांवाच्या बलूनमधून त्यानें उड्डाणें केलीं, आणि शिडाच्या प्रयोगांत वाऱ्याच्या रोखापासून आपण बाजूस वळूं शकलों, असें जाहीर केलें.

या आधारावर त्यानें उत्तर ध्रुवाची योजना मांडली. तीन माणसांना घेऊन बलून तीस दिवस तरंगत राहील, आणि ध्रुवावरून पलीकडे रशियाच्या किंवा अमेरिकेच्या किनाऱ्यास लागेल! आल्फ्रेड नोबेलनें आणि राजा दुसरा ऑस्कर यानें पैसे दिले. “गरुड” या अर्थाच्या नांवाचें तें बलून पॅरिसमध्यें शिवलें गेलें. १८९६ मध्यें स्पिट्सबर्गेनजवळील डेन्स बेटावर मंडळी जाऊन बसली, पण अनुकूल वारा सुटला नाहीं. त्या मुक्कामांत त्यांच्यांतील हवामानशास्त्रज्ञ नील्स एकहोल्म यानें वायूची गळती मोजली. लक्षावधि टांक्यांच्या छिद्रांतून वायु इतका झिरपत होता कीं, बलून ठरल्याइतके दिवस तरंगणें शक्य नव्हतें. त्यानें तसें स्पष्ट सांगितलें आणि मोहिमेंतून अंग काढून घेतलें. त्या वेळीं पुष्कळांना हा भेकडपणा वाटला असेल. मला विचाराल तर साऱ्या हकीकतींत सर्वांत धैर्याचें काम त्यानेंच केलें. पैसा आणि राजाश्रय ज्या बाजूला, वर्तमानपत्रें ज्या बाजूला, त्या बाजूविरुद्ध आंकडे हातांत घेऊन उभें राहणें सोपें नसतें. आंद्रेला मात्र आतां मागें फिरवेना. एकहोल्मच्या जागीं क्नूट फ्रेंकेल आला. तिसरा नील्स स्ट्रिंडबर्ग, हा छायाचित्रकार.

११ जुलै १८९७ रोजीं “गरुड” उडालें. किनाऱ्यापासून थोडें जातांच तें एकदम पाण्याकडे झुंकलें. तिघांनीं घाईनें वाळू फेंकली. तेवढ्यांतच दोरांचे खालचे भाग निखळून मागें राहिले. दोर कोठें अडकला तर सोडवितां यावा म्हणून त्यांचे दोन तुकडे पिळाच्या जोडानें जोडलेले होते, आणि तो पीळ उडतांना आपोआप उलगडला. सुमारें ५३० किलो वजनाचा दोर गेला आणि त्याबरोबर शिडाचें मर्मच गेलें. हलकें झालेलें बलून सुमारें ७०० मीटर उंच चढलें आणि शिडाचें जहाज म्हणून जें निघालें होतें, तें वाऱ्याच्या स्वाधीनचा साधा फुगा झालें. पुढें धुक्यांत त्यावर ओलावा गोठला आणि तें बर्फावर आपटत, फरफटत चाललें. साडेपासष्ट तासांनंतर, १४ जुलैला, ८२ अंश ५६ कला उत्तर अक्षांशावर तिघे खालीं उतरले.

मग स्लेज ओढीत पायपीट सुरू झाली. ते पूर्वेकडे फ्रान्झ जोसेफ बेटांच्या रोखानें चालत, आणि ज्या बर्फावरून ते चालत तें बर्फच समुद्रप्रवाहानें पश्चिमेकडे सरकत होतें. दिवसभर चालून रात्रीं मोजमाप घ्यावें, तों आपण भलतीकडेच गेलों आहोंत असें दिसावें. त्यांनीं रोख बदलला, तरी बर्फ त्यांना ऐकेना. ऑक्टोबरच्या आरंभीं ते क्वितोया नांवाच्या निर्जन बेटाला लागले. तेथें त्यांची रोजनिशी थोड्याच दिवसांनीं थांबते.

तेहतीस वर्षें त्यांचा पत्ता नव्हता. ६ ऑगस्ट १९३० रोजीं नॉर्वेच्या “ब्रात्व्हाग” जहाजावरील लोक त्या बेटावर उतरले, तेव्हां बर्फांतून त्यांचा तळ, अस्थि आणि रोजनिशी मिळाली. स्ट्रिंडबर्गच्या फिल्मा इतक्या वर्षांनंतरही स्टॉकहोमच्या योन हर्ट्झबर्गनें शिताफीनें धुऊन त्यांतून ९३ चित्रें वांचविलीं. त्यांपैकीं एकांत तें प्रचंड बलून कुशीवर पडलेलें आहे, आणि आंद्रे व फ्रेंकेल त्याच्यापासून कांहीं पावलांवर उभे राहून त्याच्याकडे पाहत आहेत.